विचारलं तेवढंच

३ जून

घुमे,

आशीर्वाद. तू घे किंवा नको घेऊस, माझ्याकडून तो निघाला.

तुझा पत्ता मावशीकडून काढला. तिच्यावर चिडू नकोस, मीच तिच्यामागे हात धुऊन लागले होते. देताना म्हणाली, "मी दिला म्हणून सांगू नकोस हं." स्वतःच्या तोंडात तीळ भिजत नाही आणि दुसऱ्यांनी मात्र गुपितं पाळायची.

लिहायचं कारण एकच. तुझ्या बाबांचं अपील वरच्या कोर्टात बोर्डावर आलं आहे, म्हणजे आता सुनावणी होणार. जन्मठेप झाली तेव्हापासून ते कागदांच्या ढिगात पडून होतं. आता काकांनी नवे वकील शोधलेत. बारीक अंगाचे, सदा सर्दी झालेले. शिंकल्याशिवाय त्यांचं वाक्य पुरं होत नाही, पण काका म्हणतात, खुनाच्या अपिलात त्यांचा हात धरणारा कोणी नाही.

मी त्यांना पहिला प्रश्न विचारला तो हा, की माझ्या मुलीला परत साक्षीला यावं लागेल का. ते म्हणाले, "बाई, वरच्या कोर्टात माणसं येत नाहीत, कागद येतात. खालच्या कोर्टात जे बोललं गेलं ते सगळं टाइप होऊन वर जातं. न्यायाधीश ते वाचतात. कोण रडलं, कोणाचे हात थरथरले, ते कागदावर उमटत नाही."

तेव्हा तुला यावं लागणार नाही. तेवढ्यासाठी हे पत्र. साक्ष दिल्यापासून तू या घरात पाऊल टाकलं नाहीस आणि मीही 'ये' म्हटलं नाही, तेव्हा दुसरं काही लिहायचा मला हक्क नाही.

मी बरी आहे. गुडघा दुखतो, पण तो माझ्यापेक्षा जुना असल्यासारखा वागतो. मागच्या दाराला नवी कडी बसवून घेतली, आजकाल चोऱ्या फार. सुनावणीची भीती वाटते. कसली, ते तुला सांगायला नको.

आई

१९ जून

घुमे,

उत्तर आलं नाही. ते येईल असं धरून मी लिहिलं नव्हतं, तरी पोस्टमन दिसला की दाराशी जाते.

काल वकिलांकडे गेलो होतो, काका आणि मी. ऑफिस जिन्याखाली आहे, एक माणूस उठला की दुसऱ्याला बसता येतं. मी म्हटलं, मला जरा समजेल असं सांगा, मी मॅट्रिक झालेली आहे, अगदीच ढ नाही. त्यांना हसू आलं, मग शिंक आली, मग सांगितलं.

म्हणाले, "कारखान्यात तुमच्या मिस्टरांच्या भागीदाराचं डोकं फोडलं गेलं, ते कोणी डोळ्यांनी पाहिलेलं नाही. म्हणजे सगळा पुरावा आजूबाजूचा. तो साखळीसारखा असतो. वरचं कोर्ट एकेक कडी हातात घेऊन ओढून बघतं. सगळ्या टिकल्या तर शिक्षा कायम. एखादी महत्त्वाची निसटली, तर माणूस सुटतो."

मग बोटावर मोजून एकेक कडी ओढून दाखवली. दोघांचं भांडण होतं, भागीदार वाटणी मागत होता. "भांडत नाहीत असे दोन भागीदार मला आणून दाखवा." समोरच्या चहावाल्याने दुपारी बाबांना कारखान्यात शिरताना पाहिलं. "मालक आपल्या कारखान्यात नाही शिरणार तर काय चहावाल्याच्या घरात शिरेल?" कारखान्यातली टायर उचकटायची पहार मागच्या गटारातून निघाली, पोलीस म्हणतात बाबांनीच दाखवली. ज्या दोघांसमोर ती काढली, त्यातला एक खालच्या कोर्टात म्हणाला, माझी सही चौकीतच घेतली, गटार मी बघितलंच नाही. आणि पहारीवरचं रक्त कोणाचं ते तपासणीत कळलं नाही. "गंज की रक्त, इथपासूनच सुरुवात आहे."

काका खूश होऊन मांडीवर थाप मारत होते. वकील म्हणाले, "थांबा. आता राहिली मुलगी."

काकांचा हात मांडीवरच राहिला. 

"मुलीचं मी बघतो," ते म्हणाले. "तिच्या साक्षीतच तिचं औषध आहे."

मी म्हटलं, मला ते कागद वाचायला हवेत. काका म्हणाले, "वहिनी, तुम्हाला काय करायचंय, डोकं दुखेल." वकील म्हणाले, "ही काही कादंबरी नाही, बाई." मी म्हटलं, कादंबऱ्या मी वाचतही नाही. शेवटी एक जादा प्रत दिली, जाडजूड, सुतळीने शिवलेली. घरी आणून धुतलेल्या उशीच्या अभ्र्यात घालून ठेवली आहे. अजून उघडायचा धीर झालेला नाही.

काकांनी येताना विचारलं, देवाजवळ काय मागता रोज? मी सांगितलं, जे खरं असेल ते होऊ दे. ते थबकले. म्हणाले, "असं मोघम काय मागता? सुटका मागा."

मी म्हटलं, हो.

आई

३० जून

घुमे,

वाचलं.

दुपारची कामं आटोपून बसायचे, हिशेबाच्या वहीवर ठेवते तशी फूटपट्टी ओळीखाली ठेवून. चहावाला, कामगार, डॉक्टर, सगळे एकेक करून आले आणि गेले. तुझं नाव नाही, नुसता साक्षीदाराचा नंबर. पण ती तू आहेस हे नंबर नसता तरी कळलं असतं.

आधी एक सांगते. तू कोर्टात बोलत होतीस तेव्हा मी बाहेर बाकावर देवाचं नाव घेत बसले होते. आत यायचं धैर्य नव्हतं. संध्याकाळी काका म्हणाले, "पोरगी घडाघडा बोलली, नळ काय, शर्ट काय, पाठ केल्यासारखी." बाबांनी निरोप पाठवला, सरकारी वकिलाने तिला पढवलं आहे. मला ते पटलं, निदान मी पटवून घेतलं. का पटलं माहीत आहे? माझी मुलगी घडाघडा बोलली म्हणजे नक्कीच कोणीतरी पढवलं असणार. तू आणि घडाघडा?

आता कागदावर बघते तर तू घडाघडा बोललेलीच नाहीस. हे असं आहे, मी जसंच्या तसं उतरवते:

"बाबा मागच्या अंगणात नळावर शर्ट धूत होते."

"ही गोष्ट तुम्ही पोलिसांना जबाबात सांगितली होती का?"

"नाही."

"का नाही सांगितली?"

"त्यांनी विचारलं नाही."

"आणि आज इतक्या महिन्यांनी सांगता?"

"आज विचारलं."

वकिलांनी या ओळींखाली लाल रेघ मारली आहे. म्हणतात, हे सोनं आहे. खुनाच्या खटल्यात मुलीने बापाला शर्ट धुताना पाहिलं आणि पोलिसांसमोर ब्रही काढला नाही, यावर कोणता न्यायाधीश विश्वास ठेवेल? एवढी मोठी गोष्ट पहिल्या जबाबात नसेल आणि नंतर साक्षीत उगवली असेल, तर कोर्ट म्हणतं ती मागाहून घातलेली. "माणूस सुटतो तो असल्या चार शब्दांवर," ते म्हणाले.

ते चार शब्द वाचून मी मात्र जिथे होते तिथेच बसून राहिले. भांडी तशीच पडली.

मला तो वसुलीवाला आठवला. तू दार उघडलंस. त्याने विचारलं, आई घरात आहे का? तू म्हणालीस, हो. आणि दार लावून घेतलंस, कारण तिला बोलाव असं तो म्हणाला नव्हता. बिचारा कितीतरी वेळ बाहेर उभा. आणि जिन्यावरून पडलीस तेव्हा? सुजलेला हात घेऊन जेवायला बसलीस डाव्या हाताने. मी विचारलं, हात दुखतोय का? तेव्हा म्हणालीस, हो, मोडलाय बहुतेक. घरात सगळे हसायचे, तुझं घुमी नाव त्यावरूनच पडलं. पण ते वळण माझं. या घरात लग्न होऊन आले तेव्हा एक शब्द जास्त बोललं की त्याचे दहा होऊन परत यायचे. म्हणून तुला शिकवलं, विचारलं तेवढंच सांगायचं, जास्तीचं बोलणं म्हणजे उधळपट्टी. हे मी चुकीचं शिकवलं असं मला अजूनही वाटत नाही. पोलिसांना ते माहीत नव्हतं, एवढंच.

वरच्या कोर्टाला त्या चार शब्दांत खोटेपणा दिसेल. मला त्यात माझी मुलगी दिसली. त्यापुढे चहावाला, पहार, गटार, काही नसलं तरी मला चालतं, तू खरं बोललीस.

पण मीही तुला कधी विचारलं नाही, घुमे. मी मावशीच्या ऑपरेशनला गेले होते, परत आले तेव्हा घरात पोलीस. नंतर मी तुझ्याशी भांडले, रडले, बोलणं टाकलं, पण विचारलं नाही.

आता विचारते. त्या दिवशी काय झालं? बाबा काय म्हणाले? पोलिसांनी तुला नेमकं काय विचारलं?

आई

१६ जुलै

घुमे,

तुझं पत्र पोचलं. पोस्टकार्डावर मावेल एवढंच, तेही पाकिटात. मी ते इतक्या वेळा वाचलं की घड्यांवर फाटायला आलं आहे.

"पोलिसाने विचारलं बाबा किती वाजता आले, मी सांगितलं. घरात कोण होतं, सांगितलं. काका शेजारी बसले होते. त्याने वही मिटली." एवढं पोलिसांचं.

आणि मग ते दुसरं. "बाबांनी वळून मला पाहिलं. चहा टाक म्हणाले. मी टाकला. मग विचारलं, आई कधी येणार? मी म्हटलं, उद्या. म्हणाले, बरं झालं."

हे तू कोर्टात सांगितलं नाहीस. विचारलं नव्हतं ना.

ज्या माणसाने जन्मात स्वतःचा कप विसळला नाही तो शर्ट धुतो आणि चहा मागतो. मला तो आवाज ऐकू येतो ग. त्यांचा आवाज कधी चढत नाही, तुला माहीत आहे. शेजारीण अजून म्हणते, किती शांत माणूस, नशीब काढलंत. त्यांनी माझ्यावर कधी हात उचलला नाही. पण मी तरी त्यांना 'नाही' कधी म्हटलं होतं?

ते परवा म्हटलं.

काका एक कागद घेऊन आले. वरच्या कोर्टात जास्तीचा पुरावा म्हणून माझं प्रतिज्ञापत्र द्यायचं. खुर्ची ओढून स्वयंपाकघरातच बसले.

"सही करा वहिनी, खाली, फुलीच्या इथे."

"वाचू तरी द्या."

"वाचायचं काय त्यात? तुमच्याच मनातलं आहे."

माझ्याच मनातलं ते असं होतं, की माझी मुलगी लहानपणापासून खोटं बोलते, बापाने तिला बाहेरगावी शिकायला पाठवलं नाही म्हणून तिच्या मनात डूख होता.

मी म्हटलं, "हे कोणी लिहिलं?"

"वकिलांच्या कारकुनाने."

"तो ओळखतो का हिला? माझी मुलगी खोटं बोलते म्हणायला तिने आधी बोलायला तर हवं."

"वहिनी, थट्टेची वेळ आहे का ही? नवरा आत सडतोय तुमचा."

मी चष्मा सापडत नाही म्हटलं. तो डोक्यावर होता, त्यांनीच दाखवला. मग हात ओला आहे म्हटलं. मग तेही संपलं आणि सरळच म्हटलं, मी सही करणार नाही. देवाला साक्ष ठेवून म्हणून छापलंय वर, आणि खाली हे.

काका बराच वेळ कागदाची घडी घालत राहिले. म्हणाले, "दादाला सांगावं लागेल."

काल तुरुंगात भेट होती. जाळीपलीकडे ते बसले होते, दाढी केलेली, केस विंचरलेले. गुडघ्याची चौकशी केली. मागचं दार नीट लागतं का विचारलं. भेट संपल्याची घंटा झाल्यावर उठता उठता म्हणाले, "सहीचं कळलं. असू दे. आलो की बोलू आपण."

एवढंच. घरी येऊन आधी मागची कडी लावून बघितली.

कडी चोरांसाठी बसवलेली नाही. ते आता लिहून टाकते. पहिल्या पत्रात लिहिलेली भीती तुला वाटली असेल त्याच्या उलटी आहे. अपील फेटाळलं जाईल याची नाही.

तू लिहितेस, इकडे ये. मी आले तर ते माझ्यामागे येतील, घुमे. बायको कुठे गेली हे विचारायचा त्यांना हक्क आहे, आणि सगळे त्यांना सांगतीलही. मी इथे असले तर ते इथे असतील.

आई

११ ऑगस्ट

घुमे,

सुनावणी झाली. मी गेले होते. काकांनी नको म्हटलं, पण नवऱ्याच्या अपिलाला बायको नसली तर लोक काय म्हणतील, असं म्हटल्यावर गप्प बसले. लोकांचा असाही उपयोग होतो.

ते कोर्ट कसलं, वाचनालय. साक्षीचा पिंजराच नाही. आरडाओरडा नाही. पानं उलटल्याचा आवाज आणि वर पंखा. दोन न्यायाधीश, एक वयस्क, एक बाई. दोघांपुढे तेच कागदांचं बाड, माझ्या अभ्र्यातलं. बाईंच्या बाडात रंगीत चिठ्ठ्या चिकटवलेल्या. त्यांनी सगळं वाचलं होतं ग. वकील पान सांगायच्या आधी त्या पान उघडायच्या. मला वाटलं होतं, एवढी मोठी माणसं वरवर बघून मोकळी होत असतील. तसं नाही. घरच्या हिशेबात चार आणे लागत नसले की मी जशी शोधते, तशा त्या शोधत होत्या.

पहारीची कडी आधी गेली. चौकीत सही केली म्हणणारा तो साक्षीदार, आणि कोणाचं ते न कळलेलं रक्त. वयस्क न्यायाधीश म्हणाले, यावर फार वजन टाकता येणार नाही. मग चहावाला. त्याने आत जाताना पाहिलं, बाहेर येताना नाही, आणि त्या दुपारी कारखान्याचं मागचं दार उघडंच होतं. तीही कडी सैल. सरकारी वकील कोवळा होता, घाम पुसत होता. तो म्हणाला, तरीही मुलीची साक्ष आहे, पोटची मुलगी बापाविरुद्ध खोटं का बोलेल?

आपले वकील उठले. त्या दिवशी एकदाही शिंकले नाहीत. म्हणाले, "मुलगी खोटं बोलते असं माझं म्हणणंच नाही. ती उशिरा बोलते. आणि उशिरा आलेलं खरं आणि मागाहून रचलेलं खोटं कागदावर सारखंच दिसतं. न्यायालयापुढे कागदच आहे."

तेव्हा बाईंनी विचारलं, "पोलिसांनी तिला नेमके काय प्रश्न विचारले, ते कुठे आहे?"

सगळे शोधायला लागले. सरकारी वकील, त्याच्या मागचा पोलीस, आपले वकीलसुद्धा. कुठेच नव्हतं. जबाबात प्रश्न लिहायची पद्धतच नाही म्हणे. फक्त उत्तरं सलग लिहितात, जशी काही माणसाने आपणहून सांगितली. खालच्या कोर्टात त्या पोलिसाला कोणी ते विचारलंही नाही.

मला माहीत होतं. तुझं पत्र माझ्या पिशवीत होतं. किती वाजता आले, घरात कोण होतं, वही मिटली. मी उभी राहिले, घुमे. खरंच उभी राहिले. तोंड उघडलं होतं. दाराजवळच्या शिपायाने हात खाली केला, बसा म्हणून. काकांनी पदर ओढला. बाईंनी चष्म्यावरून एकदा माझ्याकडे पाहिलं. त्यांनी विचारलं असतं तर मी सांगितलं असतं. पण तिथे कोणी कोणाला विचारत नाही. मी बसले.

बाहेर आल्यावर वकिलांना एकट्याला गाठलं. म्हटलं, तुम्हाला मनापासून वाटतं का, यांनी केलं नाही?

ते रुमाल शोधत म्हणाले, "बाई, मला काय वाटतं त्याला फी मिळत नाही. आणि न्यायाधीशांना काय वाटतं त्यावरही निकाल लागत नाही. सिद्ध काय झालं त्यावर लागतो. शंका राहिली तर तिचा फायदा आरोपीचा. उद्या तुमच्यावर कोणी खोटा आळ घेतला, तर हाच नियम तुम्हाला वाचवेल."

ते खोटं बोलत नव्हते. म्हणून जास्त भीती वाटली.

काका वाटेत म्हणाले, उभ्या कशाला राहिलात? मी म्हटलं, गुडघा आखडला.

आई

५ सप्टेंबर

घुमे,

ते सुटले.

निकालाची प्रत वाचली. तुझ्याबद्दल असं लिहिलं आहे: या साक्षीदाराने महत्त्वाची बाब पहिल्या जबाबात सांगितली नाही, तिला कोणते प्रश्न विचारले गेले याची नोंद नाही, आणि त्या त्रुटीचा तोटा आरोपीच्या पदरात टाकता येणार नाही, तिची साक्ष पूर्णपणे खोटी आहे असे आम्ही म्हणत नाही, परंतु केवळ तिच्यावर विसंबून शिक्षा कायम ठेवणे सुरक्षित नाही.

वकिलांना म्हटलं, माझ्या मुलीला खोटारडी ठरवलं तुम्ही. ते म्हणाले, "कुठे ठरवलं? सुरक्षित नाही एवढंच म्हटलंय." मी म्हटलं, ते मात्र अगदी बरोबर लिहिलंय त्यांनी.

मी त्या दोन न्यायाधीशांना दोष देत नाही. बाईंनी शोधलं होतं, माझ्या डोळ्यांदेखत. सापडलं नाही. तुला मी वाढवलं नसतं आणि नुसतं कागदावर वाचलं असतं, तर मीही तेच लिहिलं असतं कदाचित. शंभरातल्या नव्याण्णव घरांत अशी मुलगी म्हणजे पढवलेली मुलगी. आपलं घर उरलेलं एक.

काका पेढा खाल्ल्यासारखं तोंड करून फिरताहेत. शेजारीण येऊन मिठी मारून गेली, म्हणाली, देवाने ऐकलं. मी जे मागत होते ते त्याने ऐकलं का, हे मला त्याला विचारायचं आहे, पण रागावून बसलेल्या माणसाने प्रश्न विचारू नयेत. आधी राग जाऊ दे.

कागदपत्रं पुरी झाली की येतील. अंथरुणाची खोळ बदलली, दाढीचं पाणी ठेवायचं भांडं घासलं. हात आपोआप करतात. मागच्या दाराची कडी आतून आहे आणि ते आत असणार, हे बसवताना माझ्या लक्षातच आलं नव्हतं.

आई

१४ सप्टेंबर

घुमे,

मंडईला म्हणून निघाले आहे, पोस्टाच्या बाकावर बसून लिहिते.

ते आले. काकांनी आणलं. घरभर फिरून प्रत्येक खोली पाहिली, भिंतीला हात लावला. म्हणाले, पोपडे आलेत, रंग काढावा लागेल. मी चहा दिला. प्याले आणि कप घेऊन उठले, मागच्या नळावर जाऊन स्वतः विसळला. म्हणाले, "आत सवय लागली." मी दारात उभी होते. पाठमोरे होते ते. तू उभी होतीस तीच जागा असेल बहुतेक. मी चौकट धरली.

सहीचा विषय काढला नाही. मी वाट बघते आहे, जेवताना, कपडे वाळत घालताना, प्रत्येक वेळी. ते काढत नाहीत. मला म्हणतात, तू वाळलीस. म्हणतात, बस जरा, किती काम करतेस. इतकं गोड ते लग्नानंतरच्या पहिल्या वर्षीही बोलले नव्हते.

काल दुपारी जेवण झाल्यावर सुपारी कातरत होते. मान वर न करता म्हणाले, "घुमी कुठे असते हल्ली?"

मी म्हटलं, "माहीत नाही."

"पत्र वगैरे?"

"नाही. साक्षीनंतर काही संबंधच नाही."

"मावशीला माहीत असेल."

"तिलाही नाही. मागच्या महिन्यातच विचारलं होतं मी."

अडकित्ता थांबला. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मीही पाहिलं. इतक्या वर्षांच्या संसारात मी त्यांच्याशी खोटं बोलले नव्हते, हे त्यांनाही माहीत आहे. माझी तेवढीच मिळकत होती आणि ती मी तिथे सगळी एकदम खर्च केली.

"बरं," म्हणाले आणि पुढची सुपारी घेतली. त्यांना पटलं. मला कोणी खोटं म्हणत नाही ना.

आता नीट ऐक. खोली बदल, कामाची जागाही बदलता आली तर बघ. नवा पत्ता मावशीला देऊ नकोस, तिला गोड बोलून बोलतं करायला काकांना एक दुपार पुरेल. मलाही देऊ नकोस. मला माहीत नसलं म्हणजे माझं म्हणणं खरंच होईल. तुझं पत्र मी जाळलं, पाकीटही. उत्तर पाठवू नकोस. आपल्याला पत्रांशिवाय राहायची सवय आहे, तू काही फार वेगळं करणार नाहीस.

माझी काळजी करू नकोस असं लिहीत नाही. करशीलच. मी जेवते, झोपते. मी इथे आहे तोवर ते घर सोडून कुठे जात नाहीत, आणि सुपारी, पेपर, दुपारची झोप यात त्यांचा दिवस जातो. तो तसा जावा एवढं मला बघायचं आहे.

संध्याकाळी नेहमीसारखी देवासमोर बसले. दिवसभरात काय केलं ते त्याला सांगायची माझी रीत आहे. खोटं बोलले तेही सांगितलं, एकूण एक वाक्य. माफी मात्र मागितली नाही. उद्या परत विचारलं तर उद्याही हेच सांगणार आहे, मग आज माफी मागून काय करू?

आई